आन्येस वार्दाच्या सिनेमात आन्येस वार्दा जरा जास्तच आहे का?

अनुस्वार

आमच्या फिल्म क्लबात फ्रेंच दिग्दर्शिका आन्येस वार्दाचा 'ले ग्लानर ए ला ग्लानोज' (म्हणजे 'वेचणारे आणि वेचणारी') दाखवला आणि नंतर सरळ दोन तट पडले. चहा संपला, सतरंज्या गुंडाळून झाल्या, तरी भांडण मिटेना. म्हणून ते इथे घेऊन आलेय.

ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी: २००० सालचा फ्रेंच माहितीपट. सत्तरी ओलांडलेली वार्दा हातात मावेल असा डिजिटल कॅमेरा घेऊन फ्रान्सभर हिंडते आणि वेचून खाणारी, वेचून जगणारी माणसं शोधते. सुरुवात मिले या चित्रकाराच्या १८५७ च्या चित्रापासून. कापणी झालेल्या शेतात वाकून कणसं वेचणाऱ्या त्या तीन बायका, बऱ्याच जणांनी कॅलेंडरवर पाहिल्या असतील. तिथून बटाट्याची शेतं, द्राक्षमळे, ऑयस्टरचे (खायच्या शिंपल्यांचे) किनारे, आणि मग शहरातले उठलेले बाजार नि सुपरमार्केटच्या मागच्या कचरापेट्या. कोणी भुकेपोटी वेचतं, कोणी तत्त्व म्हणून, कोणी त्यातून कलाकृती करतं.

भांडण असं की हे सगळं चालू असताना बाई मधूनच स्वतःलाच शूट करतात. एका हातात कॅमेरा आणि तो दुसऱ्या हाताच्या सुरकुत्यांवर. पिकलेल्या केसांतून फिरणारा कंगवा. घराच्या छताला आलेली ओल. हायवेवरचे ट्रक बोटांच्या वर्तुळात पकडण्याचा खेळ. एकदा कॅमेरा बंद करायचा राहिला, तर लेन्सचं लोंबतं झाकण नाचताना चित्रित झालं. तेसुद्धा जॅझ लावून सिनेमात ठेवून दिलंय.

मला हे आवडलं. दुसऱ्याच्या पोटाच्या गोष्टीत कॅमेरा घुसवायचा तर आपणही चौकटीत यावं, असं माझं मत. क्लबातल्या निम्म्या मंडळींना तो नखरा वाटला. तुमचं काय?

निम्मा शहाणा

नखराच.

त्यात नोकरी गेलेला एक ट्रक ड्रायव्हर आहे. कॅरव्हानमध्ये राहतो, दारूपायी लायसन्स गेलं, बायको-पोरं दुरावली. त्याच्याजवळ अजून थांबावं असं वाटत असतानाच आपण पुढे सरकतो. आणि छताच्या ओलीला मात्र निवांत वेळ, ही ओल कुठल्या चित्रकाराच्या शैलीतली दिसते वगैरे. ओल यायला आधी छत लागतं, मॅडम.

फिरकी

आमच्या बिल्डिंगीत वरच्या मजल्यावरच्यांनी भिंतीवर अशीच कलाकृती केली आहे. सोसायटीची मीटिंग लावलीय. त्यांना वार्दाचा दाखला देऊ नका प्लीज.

खडीसाखर

वाचतेय. तो हृदयाच्या आकाराचा बटाटा याच सिनेमातला ना?

अनुस्वार

हो खडीसाखर, तोच. आणि निम्मा शहाणा, मला वाटतं त्या बटाट्यातच तिची बाजू आहे. कारखान्यात बटाट्यांची प्रतवारी होते. फार मोठे, वेडेवाकडे, हिरवे पडलेले, यंत्राने कापले गेलेले असे सगळे बाजूला पडतात आणि ट्रकने परत शेतात नेऊन ओततात. खायला उत्तम, फक्त दुकानाच्या जाळीच्या पिशवीत शोभत नाहीत. त्या ढिगात एकाला हृदयाच्या आकाराचा बटाटा सापडतो. वार्दा तसे आणखी वेचून घरी नेते आणि जवळून शूट करते. नंतरही ती ते सांभाळून ठेवते, सुकू देते, कोंब येऊ देते. २००३ च्या व्हेनिस बिएनाले या कलाप्रदर्शनात तिने यावरच मांडणी केली: तीन पडदे, समोर जमिनीवर बटाट्यांचा ढीग आणि बटाट्याचा पोशाख घालून हिंडणारी स्वतः बाई.

निम्मा शहाणा

बटाट्याचा पोशाख. मी अजून काय बोलू?

फिरकी

असा बटाटा आमच्याकडे निघाला असता तर संध्याकाळपर्यंत दोन उदबत्त्या आणि दानपेटी.

रानजाई

सिनेमा मी पाहिलेला नाही, पण सरव्याचा, म्हणजे पीक निघाल्यावर रानात राहिलेलं वेचण्याचा, विषय निघाल्यावर गप्प बसवेना.

आमचं गाव नेवाशाकडचं. भुईमूग उपटून झाला की मागं मातीत शेंगा राहतातच. गावातल्या बायका-पोरं खुरपं घेऊन सरव्याला यायची. गव्हाच्या लोंब्या, ज्वारीची कणसंही वेचायची. याचे नियम कुठं लिहिलेले नव्हते पण पक्के होते. मालकाचा माल वावरातून उचलून झाल्याशिवाय पाय टाकायचा नाही. बांधावरून आधी हाक मारायची. आणि मालकानंही अगदी शेवटच्या शेंगेपर्यंत माती चाळायची नाही. तसं केलं तर गावात नाव निघायचं. माझी आजी वीस एकराची मालकीण, पण शेजारच्या वावरात सरव्याला जायला तिला कमीपणा वाटला नाही. "पडलेलं धान्य लक्ष्मी हाय, तिला काय मालक बघून उचलायचं?" म्हणायची.

आता गव्हाला हार्वेस्टर आला. पंजाबकडून मशीन येतं, रात्रीतून रान मोकळं. सरव्याला येणारंही कोणी राहिलं नाही. रेशनचं धान्य मिळतं, मजुरी वाढली, आणि तरण्या पोरींना ते नकोही वाटतं. त्यात वाईट काही नाही. उन्हात कंबर मोडून किलोभर शेंगा वेचणं ही काही गंमत नव्हती. चित्रात छान दिसतं सगळं.

अनुस्वार, एक विचारते. त्या फ्रेंच शेतात येणाऱ्यांना मालक हाकलत नाहीत?

तुलूझकर

रानजाई, याचं उत्तर सिनेमातच आहे आणि ते मस्त आहे. वार्दा एका वकिलाला काळ्या झग्यासकट भाजीच्या शेतात उभं करते, हातात दंडसंहितेचं लाल पुस्तक. तो सांगतो की पीक निघाल्यावर, सूर्योदय ते सूर्यास्त या वेळात उरलेलं वेचायचा हक्क आहे आणि त्याचं मूळ १५५४ च्या राजाज्ञेत सापडतं. तुमच्या गावच्या नियमांशी किती जुळतं बघा. शहरातल्या टाकलेल्या सामानासाठी दुसऱ्या वकीलबाई रस्त्यावर उभ्या: मालकाने टाकून दिलेल्या वस्तूला मालक उरत नाही.

पण कायदा एक आणि चाल एक. फ्रान्सच्या बर्गंडी भागात द्राक्षांचा सरवा वेचू देत नाहीत. काही मालक देतात, काही वेलीखाली सडू देतात पण देत नाहीत. आणि न्वारमूतिए बेटावरचा प्रसंग तर मला अगदी आपल्याकडचा वाटला. वादळानंतर ऑयस्टरच्या वाफ्यांतून सुटलेले ऑयस्टर किनाऱ्यावर येतात, ते वेचता येतात, पण वाफ्यापासून ठरावीक अंतर राखून आणि माणशी ठरावीक किलो. नेमकं किती? जो तो वेगळा आकडा सांगतो, आणि प्रत्येक जण ठामपणे.

फिरकी

म्हणजे आरटीओत एजंटला विचारल्यासारखं.

तुलूझकर

शहराबद्दलही लिहितो, कारण मी इथे फ्रान्समध्ये बरीच वर्षं आहे. रविवारी दुपारी आमच्या भागातला भाजीबाजार उठतो तेव्हा खोकी आवरायच्या आणि पाण्याची गाडी यायच्या मधल्या वेळात माणसं येतात. विद्यार्थी असतात, पेन्शनवरच्या आजीबाई असतात. चाकाची पिशवी, नीटनेटका कोट. कोणी कोणाकडे बघत नाही. सिनेमात पॅरिसच्या बाजारात जे दिसतं ते हुबेहूब हेच.

कायदा मात्र बदललाय. सिनेमात प्राद गावचं एक प्रकरण आहे. काही तरुण सुपरमार्केटच्या कचरापेट्यांतून खायला काढत, म्हणून मॅनेजरने पेट्यांत ब्लीच ओतायला सुरुवात केली. पोरांनी चिडून पेट्या उलथल्या आणि प्रकरण कोर्टात गेलं. वार्दा तिघांशीही बोलते: पोरं, मॅनेजर, न्यायाधीश. २०१६ च्या फेब्रुवारीत फ्रान्सने कायदा केला की ४०० चौरस मीटरपेक्षा मोठ्या सुपरमार्केटने न विकलेलं खाण्याजोगं अन्न मुद्दाम खराब करायचं नाही आणि ते घेणाऱ्या संस्थांशी दानाचा करार करायचा. अन्न मुद्दाम खराब केलं तर तेव्हा ३,७५० युरो दंड ठेवला होता. २०२० च्या कायद्याने कपडे, वस्तू असा न विकलेला इतर मालही जाळून वा पुरून नष्ट करायला बंदी आली. २०२१ पासून फोन, लॅपटॉप, टीव्ही, वॉशिंग मशिन यांवर 'हे दुरुस्त होणं किती सोपं' याचे दहापैकी गुण छापावे लागू लागले.

निम्मा शहाणा

मग हा कायदा वार्दाच्या कॅमेऱ्याने आणला का? आणणारे लोक वेगळेच होते ना.

तुलूझकर

वेगळेच. पॅरिसजवळच्या कूर्बव्वा गावच्या एका नगरसेवकाची ऑनलाइन याचिका आणि गियोम गारो नावाच्या खासदाराचं विधेयक. सिनेमामुळे कायदा आला असं मी म्हटलंच नाही. पण ब्लीच ओतलेली कचरापेटी कायद्याच्या कितीतरी आधी तिने पडद्यावर आणली होती, एवढं खरं.

द्राक्षमणी

मुक्काम निफाड तालुका. प्रतवारीवरून लिहितो.

तुमच्या युरोपातल्या सुपरमार्केटची आवड आमच्या बागेत कात्री घेऊन फिरते. निर्यातीचा घड म्हणजे मण्याचा आकार ठरलेला, रंग ठरलेला, साखर मोजलेली, घडाचा आकार बांधेसूद. त्यासाठी छाटणी झाल्यापासून विरळणी करायची, म्हणजे चांगले मणी हाताने कापून खाली टाकायचे, राहिलेल्यांना फुगायला जागा मिळावी म्हणून. मग काढणीला पॅकहाउसवाल्यांची माणसं येतात आणि अख्ख्या बागेतून निवडक घड नेतात. राहिलं ते लोकल मार्केटला, नाहीतर बेदाण्याला. चवीत काडीचा फरक नसतो. उलट थोडं पिवळट झालेलं द्राक्ष जास्त गोड असतं, पण तिकडं हिरवंच पाहिजे.

एक फरक मात्र आहे. त्यांचा बटाटा दिसायला नीट नाही म्हणून फेकला जातो. आपल्याकडं टोमॅटो रस्त्यावर ओतला जातो तो भाव पडला म्हणून. दिसायला तो अगदी फोटोत घालण्यासारखा असतो. तोडणीची मजुरी, क्रेट, गाडीभाडं धरून हिशोब उलटा बसतो, मग बाजार समितीपर्यंत न्यायचंही परवडत नाही. त्यावर कोणी सिनेमा केला तर त्यात दोन मिनिटांची हळहळ नको, तोडणीपासून विक्रीच्या पट्टीपर्यंतचा हिशोब दाखवा.

रानजाई

+१ द्राक्षमणी दादा. आणि मार्केट यार्डात लिलाव झाल्यावर सांडलेलं धान्य झाडून नेणाऱ्या बायकाही दाखवा. घरी नेऊन ते मातेरं पाखडायचं, खडे काढायचे, मग जे हाती लागेल ते.

तिसरा पडदा

उशीर झाला यायला. चर्चा छान चाललीय, पण सगळे कचऱ्याच्याच बाजूने बघतायत. दुकानाच्या आतून बघणारा एक दिग्दर्शक सुचवतो: हारून फारोकी. जर्मन, १९४४ चा जन्म, २०१४ मध्ये गेला. वडील भारतीय डॉक्टर, म्हणून ते नाव.

वार्दाच्या सिनेमानंतर वर्षभरातच त्याचा 'डी श्योप्फर डेअर आइनकाउफ्सवेल्टन' ('खरेदीच्या जगांचे निर्माते') आला, २००१. मॉल आखणाऱ्या लोकांच्या बैठका, बस्स. ग्राहक दारातून आत आला की कुठे वळतो, त्याची नजर कुठल्या उंचीवर पडते, हे सगळं गंभीर चेहऱ्याने मोजणं चाललेलं. पाव फळीवर कसा मांडायचा यावर मोठ्या माणसांची खल करणारी बैठक आहे. फारोकी स्वतः कुठेच नाही. निवेदन नाही, टोमणा नाही, संगीत नाही. नुसतं बघत राहायचं, आणि बघता बघता आपल्यालाच हसू यायला लागतं आणि मग भीती वाटायला लागते.

त्याच्या आधीचा 'श्टिललेबन' (म्हणजे 'वस्तुचित्र', १९९७) तर याहून भारी. जाहिरातीचे फोटोग्राफर चीज, बिअरचा ग्लास, घड्याळ अशा वस्तूंचे फोटो काढतायत. चीजचा तुकडा एक केसभर इकडे, एक केसभर तिकडे. आणि मधूनमधून चारशे वर्षांपूर्वीची फ्लेमिश वस्तुचित्रं. एवढी भक्ती एका चीजच्या तुकड्यावर!

अनुस्वार, तुमच्या प्रश्नाचं माझं उत्तर यातच आलं. स्वतः चौकटीत न येताही प्रामाणिक राहता येतं.

निम्मा शहाणा

शेवटी कोणीतरी शुद्धीवर आहे.

अनुस्वार

तिसरा पडदा, फारोकी मला आवडतो, पण तुमची तुलना मला पटली नाही. तो ज्यांना शूट करतो ते बळकट लोक आहेत. मॉलच्या आर्किटेक्टपुढे तुम्ही गप्प उभे राहिलात तर त्याचं काही बिघडत नाही. उलट तो बोलत सुटतो. कचरापेटीत वाकलेल्या माणसापुढे तसंच गप्प उभं राहून बघा. ते टक लावून बघणं होतं. तिथे तुम्ही कोण, कशाला आलात, हे आधी सांगावं लागतं. वार्दा स्वतःला वेचणारी म्हणवते, सिनेमाच्या नावातही ती स्वतः आहे. पुरुष-बायका कणसं वेचतात, ती प्रतिमा वेचते.

निम्मा शहाणा

प्रतिमा वेचून पोट भरत नाही आणि न वेचल्याने उपासही घडत नाही. ही बरोबरी तिने स्वतःच स्वतःला बहाल केलेली आहे. तुम्हीच सांगा, त्या ड्रायव्हरने तिला 'तूही आमच्यातलीच' म्हटलं का?

खडीसाखर

तुम्ही सगळे फार मोठं मोठं बोलताय. मला त्यातलं काटे नसलेलं घड्याळ आठवतंय. ती रस्त्यावर टाकलेल्या सामानातून ते उचलून घरी नेते, मांडून ठेवते आणि म्हणते की बरंय, काळ जाताना दिसत नाही. या वयात असं घड्याळ घरी हवंसं वाटतं, हे तुम्हा मुलांना नाही कळायचं.

अवांतर: आमच्याकडे बोहारीण यायची. दुपारी बरोबर जेवणं आटपल्यावर. दोन जरीच्या साड्या, वडिलांची एक पँट आणि वर आणखी एक सदरा, तेव्हा कुठे एक स्टीलचा डबा. घासाघीस अर्धा तास. ती गेल्यावर आई डब्याला टिचकी मारून बघायची आणि शेजारच्या काकूंनी तेवढ्याच कपड्यात पातेलं मिळवलं म्हणून हळहळायची. कपडा फेकायचा असतो हेच आम्हाला माहीत नव्हतं.

फिरकी

खडीसाखर काकू, आता ॲपवर 'एक्सचेंज ऑफर' येते. जुन्या फोनचे दोनशे रुपये. बोहारीण निदान घासाघीस तरी करू द्यायची.

हिमरू

मला आश्चर्य वाटतंय की अजून कोणी तो बाजारातला माणूस काढला नाही. माझ्या मते सिनेमा त्याचाच आहे.

पॅरिसच्या बाजारात एक जण उठलेल्या ठेल्यांखालून पार्सली (कोथिंबिरीसारखी पालेभाजी) उचलून तिथेच उभ्याउभ्या खातोय. वार्दा आधी त्याला लांबून बघते, काही वेळा नुसती बघतच राहते, आणि मग कधीतरी बोलायला जाते. तो जीवशास्त्रात मास्टर्स झालेला. मोंपारनास स्टेशनबाहेर रस्त्यावर विकायची मासिकं विकतो. खातो बरंचसं बाजारातलं नि बेकऱ्यांचं उरलेलं. शाकाहारी, कुठल्या भाजीत कुठलं जीवनसत्त्व ते सांगत खातो. आणि संध्याकाळी, जिथे राहतो त्या वसतिगृहाच्या तळघरात, माली-सेनेगलहून आलेल्या लोकांना फ्रेंच शिकवतो. फुकट. सहा वर्षं. फळ्यावर चित्रं काढून.

वार्दा त्याच्याबद्दल 'बिचारा' असा सूर कुठेच लावत नाही. वर्गात कोपऱ्यात उभी राहून शूट करते. तिथे तिचा हात नाही की केस नाहीत. म्हणजे कधी दिसायचं आणि कधी नाही हे बाईला नीट कळत होतं.

आणि आता तुमच्या भांडणाला फोडणी. दोन वर्षांनी तिने 'दे झान आप्रे' ('दोन वर्षांनंतर') नावाचा पाठपुरावा केला, २००२ मध्ये. त्यात ती या माणसाला परत भेटते. तो सरळ तोंडावर सांगतो की सिनेमा चांगला आहे, पण तुम्ही स्वतःला दाखवलंय ते अनावश्यक होतं.

निम्मा शहाणा

धागा इथेच बंद करा. साक्षीदाराने निकाल दिला!! 😄

अनुस्वार

अहो पण ते तिने ठेवलं ना सिनेमात! कापायला कात्री तिच्याच हातात होती.

निम्मा शहाणा

ठेवलं म्हणजे टीकाही खिशात घातली. 'बघा मी किती मोकळ्या मनाची' हा पुढचा नखरा. चुकीचं म्हटलं तर नखरा, बरोबर म्हटलं तरी नखरा, असं माझं होतंय हे मान्य, पण तिचंही तसंच होतंय.

तिसरा पडदा

हे मात्र कठीण आहे. फारोकीवर कोणी असं बोललं असतं तर त्याने ते कुठे ठेवलं असतं याचा विचार करतोय. ठेवायला जागाच नसती. त्या घडणीत समोरच्याला उलटून बोलायची सोयच नाही. हा मुद्दा वार्दाकडे जातो.

कागदपत्रा

इतके दिवस नुसती वाचक होते, हा पहिलाच प्रतिसाद.

मी पुण्यात कचरावेचक बायकांबरोबर काही वर्षं काम केलं. त्यांची कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत ही संघटना १९९३ पासून आहे, त्यातूनच पुढे 'स्वच्छ' सहकारी संस्था उभी राहिली आणि महापालिकेशी करार करून दारोदार कचरा घ्यायला लागली. म्हणजे या बायकांनी आधी 'आम्ही भिकारी नाही, चोर नाही, कामगार आहोत' हे ओळखपत्रावर लिहून घेतलं. कॅमेरावाले आमच्याकडे खूप यायचे. देशातले, परदेशातले, कॉलेजचे प्रोजेक्टवाले. बायकांना कॅमेऱ्याची हौसही असायची, खोटं कशाला बोलू. केस नीट करायच्या, पदर सारखा करायच्या. आणि कॅमेरावाल्यांना नेमका विस्कटलेला पदर हवा असायचा. 'मावशी, नेहमीसारखं करा ना' म्हणायचे. मावशी म्हणायच्या, "नेहमी काय कुणी बघतंय व्हय?"

त्यांची तक्रार तुम्ही भांडताय ती नव्हतीच. शूट करणारी बाई स्वतः पडद्यावर किती दिसते याच्याशी त्यांना काही घेणं नव्हतं. 'आला, फोटू काढला, गेला, परत तोंड दावलं नाही', ही तक्रार. तयार झालेली फिल्म त्यांच्या वस्तीत येऊन दाखवणारे फार थोडे.

म्हणून मला 'दे झान आप्रे' मूळ सिनेमापेक्षा जवळचा वाटतो. प्रेक्षकांनी वार्दाला ढिगाने पत्रं लिहिली, भेटी पाठवल्या, आणि तिला वाटलं की आपण त्या माणसांकडे परत जायला हवं. परत गेली. कोणाचं बरं चाललं होतं, कोणाचं नाही. विचारलं, ऐकून घेतलं, आणि एकाने तोंडावर सांगितलं की तुमचं स्वतःचं जास्त झालं. परत गेली नसती तर हे वाक्य कुठून मिळालं असतं?

रानजाई

कागदपत्रा ताई, लिहीत राहा. "नेहमी काय कुणी बघतंय व्हय" मनात घर करून बसलं.

निम्मा शहाणा

कागदपत्रा यांच्या मुद्द्यावर माझ्याकडे उत्तर नाही. नखऱ्याचं मत कायम, पण दुसरा भाग पाहीन.

तुलूझकर

एक राहिलंच. सिनेमातला आक्स शहरातला बूटवाला आठवतोय का? गुडघ्यापर्यंत रबरी बूट घालून शहरभर फिरतो आणि दहा वर्षांहून जास्त काळ पूर्ण कचऱ्यातलंच खातो. पण त्याला नोकरी आहे, पगार आहे! लोक फेकतात याचा राग येतो म्हणून खातो. एरिका नावाचं तेलाचं जहाज बुडून तेलाने माखलेले पक्षी मेले, १९९९ च्या डिसेंबरात, त्यावरही तो भडकलेला. त्याच्यात मला आपले काही काका दिसले. अन्न टाकलेलं चालणार नाही म्हणून रात्री उरलेलं सगळं संपवून झोपणारे.

फिरकी

आमच्याकडे तो माणूस म्हणजे मी. पोळ्या उरल्या की सकाळी फोडणीची पोळी. वार्दाबाई आल्या असत्या तर कढईचा क्लोजअप नक्की.

द्राक्षमणी

सिनेमा शोधून पाहिला. बर्गंडीचा भाग दोनदा पाहिला. मालकांचंही बरोबर आहे आणि वेचणाऱ्यांचंही, हे बाई दोघांनाही बोलू देऊन दाखवतात ते आवडलं. केसांचं नि हातांचं म्हणाल तर मला त्याचा त्रास झाला नाही. म्हातारपण हाही न खपलेला मालच आहे की. बाजारात त्याला कोण विचारतं?

हिमरू

द्राक्षमणी, हे क्लबातल्या कोणालाच सुचलं नसेल.

अनुस्वार

नाही सुचलं! पुढच्या चर्चेत चोरून वापरणार आहे, नाव घेऊन.

आता विनंती. पुढच्या महिन्यात वार्दाचाच आणखी एक दाखवावा म्हणते. मंडळी आधीच तापलेली आहेत. कुठला?

तिसरा पडदा

'दागेरेओतिप', १९७५ चा. ती पॅरिसच्या ज्या र्यू दागेरवर राहायची त्याच रस्त्यावरचे दुकानदार: बेकरीवाला, खाटीक, शिंपी, केशकर्तनालय, आणि अत्तरं-बटणं विकणारं एक म्हातारं जोडपं. त्या दुकानातली बाई विसरभोळी झालीय; संध्याकाळ झाली की दाराशी येऊन बाहेर जावंसं वाटतं तिला, जात मात्र नाही. गिऱ्हाईक येतं, पाव देतात, सुटे मोजतात. मग वार्दा प्रत्येकाला विचारते, तुम्ही मूळचे कुठले, एकमेकांना कसे भेटलात, स्वप्नं कसली पडतात. खाटकाला कामाचीच स्वप्नं पडतात. मोठं दुकान, मॉल, काही नाही. खरेदी-विक्री म्हणजे तेव्हा काय होतं ते सगळं त्यात आहे.

आणि निम्मा शहाणा यांच्यासाठी खास: यात बाई दिसतच नाहीत. पण पूर्ण सिनेमा त्यांच्या घराला बांधलेला आहे, अक्षरशः. मुलगा मात्यू तेव्हा अगदी लहान, लांब जाता येईना. मग घरातून साधारण ९० मीटरची विजेची केबल ओढली, आणि ती जिथवर पोचेल तिथवरचीच दुकानं शूट केली.

निम्मा शहाणा

हे मला चालेल. येतो.

फिरकी

९० मीटर केबल? दुकानदारांकडे प्लग नव्हते?

तिसरा पडदा

होते की. पण त्यांची वीज वापरायची नाही, बिल आपल्याच मीटरवर पडलं पाहिजे, असा बाईंचा आग्रह होता.